रिपोर्ट तर चांगले आहेत

'रिपोर्ट चांगले आहेत' आणि 'रिपोर्ट तर चांगले आहेत' ही दोन वाक्यं इंग्रजीत टाइप करायला गेलं की बहुतेक वेळा एकच होऊन बसतात. मराठी कानाला मात्र ती कधीच एक वाटत नाहीत. पहिलं ऐकून आपण सुटकेचा श्वास टाकतो. दुसरं ऐकून आपण विचारतो, "पण?" समोरच्याने 'पण' म्हटलेलं नसतं, तरी तो आपल्याला ऐकू आलेला असतो. गंमत म्हणजे 'तर'ने वाक्यात कुठलीच नवी माहिती घातलेली नाही. रिपोर्ट तेच, आणि चांगलेही तेवढेच.

मग त्याने केलं काय? या प्रश्नात मी गेली दोनेक वर्षं अडकले आहे. मी भाषाशास्त्र शिकलेली नाही. इंजिनिअरिंग केलं, पुण्यात कोड लिहिते. आमच्या कंपनीचं अ‍ॅप लॅबचे रिपोर्ट लोकांच्या फोनवर पोचवतं. ते मराठीत आणायचं ठरलं, तेव्हा टीममध्ये मराठी बोलणारी मी एकटीच होते. "तुला येतं ना मराठी? बघ जरा," असं म्हणून मॅनेजरने एक शीट पाठवलं. डाव्या रकान्यात इंग्रजी वाक्यं, उजव्या रकान्यात एका एजन्सीने करून दिलेलं मराठी.

अ‍ॅपमधल्या अशा सुट्या वाक्यांना आमच्या धंद्यात 'स्ट्रिंग' म्हणतात. त्यातली एक स्ट्रिंग अशी होती: 'युअर रिपोर्ट हॅज बीन रिव्ह्यूड बाय डॉक्टर अमुक.' उजव्या रकान्यात होतं: 'आपला अहवाल डॉ. अमुक यांच्याद्वारे पुनरावलोकित करण्यात आलेला आहे.' मी ते खोडून लिहिलं, 'तुमचा रिपोर्ट डॉ. अमुक यांनी तपासला.' मॅनेजरने विचारलं, "पहिल्यात व्याकरणाची चूक आहे का?" म्हटलं, नाही. "मग?"

'पुनरावलोकित' अवघड शब्द आहे, एवढं त्याला लगेच पटलं. पण मला खरं खुपत होतं ते 'यांच्याद्वारे... करण्यात आलेला आहे.' इंग्रजीत ते कर्मणी वाक्य अगदी स्वाभाविक वाटतं, मराठीत तेच सरकारी नोटिशीसारखं का वाटतं? 'मराठीत असं बोलत नाहीत' हे उत्तर इंजिनिअरला चालत नाही. शोधत शोधत मी प्रागमधल्या एका प्राध्यापकांपाशी पोचले.

त्यांचं नाव विलेम मातेझिउस. जन्म १८८२चा. प्रागच्या चार्ल्स विद्यापीठात ते इंग्रजी शिकवायचे. १९२०च्या दशकाच्या सुरुवातीला त्यांची दृष्टी गेली. पुढे मणक्याच्या आजाराने त्यांना अंथरुणाला खिळवलं. वाचायचं ते दुसऱ्याने वाचून दाखवायचं, लिहायचं ते तोंडाने सांगायचं, अशा अवस्थेत त्यांनी उरलेली दोन दशकं काम केलं. भाषाशास्त्रातल्या कुठल्याही पुस्तकात नाव सापडतं तो 'प्राग लिंग्विस्टिक सर्कल' ६ ऑक्टोबर १९२६ला त्यांच्याच कचेरीत भरलेल्या बैठकीतून सुरू झाला. रोमान याकोबसन त्या पहिल्या बैठकीला हजर होते.

आपल्या कामाचा त्यांचा लेख १९३९चा, चेक भाषेत लिहिलेला. त्याच वर्षी मार्चमध्ये जर्मन फौजा प्रागमध्ये शिरल्या आणि १७ नोव्हेंबरला नाझींनी सगळी चेक विद्यापीठं बंद केली. युद्ध संपायला महिनाही उरला नव्हता तेव्हा, एप्रिल १९४५मध्ये, मातेझिउस गेले. हे सगळं डोक्यात ठेवून तो लेख वाचायला गेलं तर आश्चर्य वाटतं, कारण लेखात आहे ते अगदी साधं, रोजचं: माणूस वाक्य कुठून सुरू करतो आणि कुठे नेतो.

त्यांचं म्हणणं असं. वाक्याचे तुकडे दोन प्रकारे पाडता येतात. एक व्याकरणाचा, शाळेतला: कर्ता, कर्म, क्रियापद. दुसरा त्या क्षणाचा: बोलणारा ज्या माहीत असलेल्या गोष्टीवरून निघतो ती, आणि तिच्याबद्दल तो जे नवं सांगतो ते. पहिल्याला ते वाक्याचा आरंभ म्हणत, दुसऱ्याला गाभा. या दोन विभागण्या एकमेकींवर नेमक्या बसतीलच असं नाही. कर्ता कधी आरंभ असतो, कधी गाभा. आणि दुसरी विभागणी वाक्य एकटं घेऊन कळत नाही. ते कोणत्या प्रश्नाचं उत्तर म्हणून आलंय हे बघावं लागतं. शब्दक्रमाबद्दल असा विचार आन्री वेल यांनी १८४४मध्ये फ्रेंचमध्ये मांडला होता आणि मातेझिउस त्यांचं ऋण मानतात. आज या विषयाला इंग्रजीत 'इन्फर्मेशन स्ट्रक्चर' म्हणतात. ते नाव १९६७मध्ये मायकेल हॅलिडे यांनी दिलं. माहितीची रचना म्हणू या हवं तर.

स्वयंपाकघरातलं उदाहरण घेऊ. "पोहे कोणी केले?" याचं उत्तर: "पोहे आईने केले." "आईने काय केलं खायला?" याचं उत्तर: "आईने पोहे केले." आता उत्तरांची अदलाबदल करून बघा, आवाजात कुठेही जोर न देता. "पोहे कोणी केले?" "आईने पोहे केले." खोटं काहीच नाही, तरी उत्तर देणाऱ्याने प्रश्न नीट ऐकला नाही असं वाटतं. मराठीत नवी गोष्ट क्रियापदाच्या अगदी आधीच्या जागेवर बसायला बघते. चेकमध्ये ती वाक्याच्या शेवटी जाते. आपल्याकडे शेवटची जागा सहसा क्रियापदाची असल्यामुळे तिला एक पाऊल मागे थांबावं लागतं. क्रियापदाच्याही पलीकडे जे जातं ते बहुधा दोघांना माहीत असलेलं, नुसतं आठवणीसाठी जोडलेलं असतं: "पोहे केलेत आईने."

मातेझिउस यांनी आणखी एक निरीक्षण नोंदवलंय. माणूस शांत असला की माहीत असलेल्याकडून नव्याकडे जातो. भावनेच्या भरात मात्र तो गाभाच आधी फेकतो. "लाईट गेली" आणि "गेली लाईट!" यात जो फरक आहे तो हाच. दुसरं वाक्य बोलणारा माणूस ढग भरून आल्यापासून त्याचीच वाट बघत होता.

आता मॅनेजरच्या 'मग?'कडे येते. प्रोग्रॅमिंगमध्ये फंक्शनला माहिती देण्याच्या दोन पद्धती असतात. एक जागेवरून: पहिल्या जागेवर येईल तो पाठवणारा, दुसऱ्या जागेवर येईल तो घेणारा. जागा चुकली की पैसे उलट्या दिशेने गेले. दुसरी नावावरून: प्रत्येक गोष्टीला तिच्या भूमिकेची चिठ्ठी लावायची, मग क्रम कुठलाही ठेवा. इंग्रजी पहिल्या पद्धतीने चालते. कोणी कोणाला तपासलं हे तिथे जागेवरून कळतं. मराठीत 'डॉक्टरांनी' आणि 'पेशंटला' यांच्या अंगावर चिठ्ठ्या आहेत, त्यामुळे 'डॉक्टरांनी पेशंटला तपासलं' आणि 'पेशंटला डॉक्टरांनी तपासलं' यात कोण कोण आहे याचा घोळ होत नाही. म्हणजे क्रम मोकळा झाला. आणि भाषा मोकळी जागा रिकामी ठेवत नाही. तिने क्रमाला दुसरं काम लावलं: ऐकणाऱ्याला काय माहीत आहे आणि काय नाही, हे दाखवण्याचं.

इंग्रजीची पंचाईत अशी की माहीत असलेली गोष्ट पुढे आणायची तर तिला कर्त्याच्या खुर्चीतच बसवावं लागतं. रिपोर्ट तुमच्या ओळखीचा, तुम्ही त्याची वाट बघताय, म्हणून वाक्य रिपोर्टपासून सुरू करायचं. पण रिपोर्ट काही तपासत नाही, तो तपासला जातो. म्हणून कर्मणी प्रयोग. इंग्रजीत हा प्रयोग इतका का वापरला जातो याचं एक कारण मातेझिउस यांनी चेकशी तुलना करून हेच दाखवलं होतं. चेक माणसाला ती कसरत लागत नाही आणि मराठी माणसालाही नाही. 'तुमचा रिपोर्ट' पुढे ठेवा, 'डॉक्टरांनी' क्रियापदाशेजारी ठेवा, झालं. 'यांच्याद्वारे करण्यात आलेला आहे' म्हणजे दोन्ही पाय धड असताना शेजाऱ्याची कुबडी घेऊन चालणं. आपल्या अर्ध्या सरकारी मराठीला आणि जवळजवळ सगळ्या अ‍ॅपच्या मराठीला ही कुबडी लागली आहे, असं माझं मत.

मॅनेजरला पटलं. पटलं म्हणजे तो म्हणाला, "ठीक आहे, बदल." शीटमध्ये आठशेच्या वर ओळी होत्या.

क्रमाबरोबर आपल्याकडे लहान लहान शब्दांचीही एक फौज आहे. च, ही, सुद्धा, देखील, मात्र. शाळेच्या व्याकरणात यांना 'शुद्ध शब्दयोगी अव्यय' म्हणून एका ओळीत उभं करतात, कारण त्यांच्यामुळे आधीच्या शब्दाचं सामान्यरूप होत नाही. स्पर्धा परीक्षेची तयारी केलेल्यांना ही यादी पाठ असेल. रूप बदलत नाही हे यादीत कळतं, पण अर्थाचं काय करतात? "आईनेच पोहे केले", "आईने पोहेच केले", "आईने पोहे केलेच." तीन वाक्यांत 'च' एकेक घर पुढे सरकतो आणि प्रत्येक वेळी वेगळी माणसं, वेगळे पदार्थ, वेगळ्या शंका खोडून काढतो. पहिल्यात काकू बाद, दुसऱ्यात उपमा बाद, तिसऱ्यात "आज काही करू नकोस" म्हणणारा बाद. जे बोललंच गेलं नाही त्याच्याशी वाक्याचं नातं जोडणं, हा या शब्दांचा धंदा.

इथे माझ्या आवडीची एक कल्पना सांगून पुढे जाते. इरेने हाइम यांनी १९८२च्या आपल्या प्रबंधात म्हटलं की ऐकणारा माणूस म्हणजे कार्डांची पेटी सांभाळणारा कारकून समजा. नवी व्यक्ती आली की तो कोरं कार्ड काढतो. ओळखीची आली की जुनं कार्ड काढून त्यावर नोंद करतो. 'एक होता राजा' म्हटलं की कोरं कार्ड. 'राजाला तीन मुली होत्या' म्हटलं की त्याच कार्डावर नोंद. पण दुसरं वाक्य 'एका राजाला तीन मुली होत्या' असं आलं, तर ऐकणारं पोर लगेच दुसरा राजा उभा करेल. कोड लिहिणाऱ्यांना यात 'क्रिएट' आणि 'अपडेट' दिसले असतील. चेक परीकथाही 'होता एकदा एक राजा' अशाच सुरू होतात: क्रियापद आधी, आणि नवा राजा सर्वांत शेवटी. मराठीतही नेहमीचा नियम मोडून इथे राजा क्रियापदानंतर येतो. कोऱ्या कार्डासाठी भाषेने खास दार ठेवलेलं दिसतं. (हाइम यांना २०२४मध्ये हान्स कांप यांच्याबरोबर रोल्फ शॉक पुरस्कार मिळाला.)

इथवर हे सगळं माझ्यासाठी कामाचं आणि थोडं गमतीचं होतं.

गेल्या पावसाळ्यात बाबांना घास गिळायला त्रास व्हायला लागला. आधी भाकरीचा, मग पोळीचाही. वजन उतरलं. आईबाबा कराडला असतात. बाबा साखर कारखान्याच्या लॅबमधून निवृत्त झालेले. उसाच्या रसाचा ब्रिक्स आणि पोल मोजण्यात त्यांचं आयुष्य गेलं, त्यामुळे लॅबने दिलेल्या आकड्यावर त्यांची श्रद्धा. तिथल्या एका डॉक्टरांनी रक्ताच्या तपासण्या करायला सांगितल्या. सगळे आकडे मर्यादेत आले. बाबांच्या दृष्टीने विषय संपला.

संध्याकाळी आईचा फॅमिली ग्रुपवर मेसेज आला: 'डॉक्टरांकडे जाऊन आलो. रिपोर्ट तर चांगले आहेत म्हणाले.'

ताई चेन्नईत असते. दाजी तमिळ, त्यांना मराठी वाचता येत नाही. पण सासूबाईंचा प्रत्येक मेसेज ते भाषांतराच्या अ‍ॅपमध्ये टाकून वाचतात, या त्यांच्या चिकाटीचं मला फार कौतुक आहे. अ‍ॅपने त्यांना सांगितलं: डॉक्टर म्हणाले की रिपोर्ट चांगले आहेत. दाजींनी नमस्काराचे हात टाकले. ताई ड्युटीवर होती, तिने दाजींचे हात पाहून अंगठा टाकला. पाच मिनिटांत ग्रुपवर सगळं आबादीआबाद होतं.

मी आईला फोन लावला. विचारलं, "तर म्हणजे?"

"तर म्हणजे काय?"

"रिपोर्ट तर चांगले आहेत, असं लिहिलंयस. डॉक्टर तसं म्हणाले, का तू लिहिलंस?"

"तेच म्हणाले. मी कशाला पदरचं घालू?" मग जरा थांबून म्हणाली, "मलाही ते तसंच लागलं गं. पण ह्यांच्यासमोर कसं विचारणार? दोन दिवसांनी परत बोलावलंय."

दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीने मी कराडला गेले. पुढचं थोडक्यात सांगते. रक्तात काही सापडत नाही हे डॉक्टरांना खटकलं होतं. एन्डोस्कोपी झाली. अन्ननलिकेत गाठ निघाली. लहान होती. ऑपरेशन झालं, नंतरचे बरेच महिने त्यातच गेले. डॉक्टरांनी दोन दिवसांनी बोलावलंच होतं, त्यामुळे 'तर'ने बाबांना वाचवलं वगैरे म्हणणार नाही. पण त्या रात्री घरात दोन माणसं जागी होती, आई आणि मी, आणि दोघी एका शब्दामुळे जाग्या होतो. बाबांना आकडे मिळाले होते, दाजींना भाषांतर मिळालं होतं, ते दोघं शांत झोपले.

हॉस्पिटलच्या बाकड्यावर वेळच वेळ असतो. तिथे मी 'तर'च्या मागे लागले.

ज्याला भाषाशास्त्रज्ञ 'काँट्रास्टिव्ह टॉपिक' म्हणतात, तसं काम 'तर' इथे करतो. यावरचं एक गाजलेलं उदाहरण रे जॅकेन्डॉफ यांच्या १९७२च्या पुस्तकातलं आहे. प्रश्न असतो: फ्रेडचं काय? त्याने काय खाल्लं? उत्तर: फ्रेडने बीन्स खाल्ले. इंग्रजीत हे म्हणताना 'फ्रेड'वर आवाज एका विशिष्ट तऱ्हेने चढतो आणि ऐकणाऱ्याला कळतं की बाकीच्यांनी काय खाल्लं हे अजून बोलायचं राहिलंय. डॅनियल ब्युरिंग यांनी २००३मध्ये याच बीन्सना आपल्या लेखाच्या नावात घेतलं आणि त्याचं एक चित्र दिलं: प्रश्नांचं झाड. वरती मोठा प्रश्न, 'कोणी काय खाल्लं?' खाली फांद्या: फ्रेडने काय, दुसऱ्याने काय, तिसऱ्याने काय. आवाजाचा तो चढ सांगतो की मी एका फांदीचं उत्तर देतोय आणि झाड अजून पूर्ण झालेलं नाही.

कराडच्या झाडाच्या शेंड्याला 'बाबांना काय झालंय?' हा प्रश्न होता. खाली फांद्या: रक्त काय म्हणतं, घसा काय म्हणतो, उतरलेलं वजन काय म्हणतं. 'रिपोर्ट तर चांगले आहेत' म्हणजे पहिल्या फांदीवर खूण झाली, आणि इतर फांद्या आहेत हे मला ठाऊक आहे. डॉक्टर खोटं बोलले नाहीत, घाबरवलंही नाही. त्यांनी त्या दोन अक्षरांत झाड दाखवलं.

आणि दाजींच्या अ‍ॅपचं काय झालं तेही इथे उलगडलं. इंग्रजी हे काम मुख्यतः आवाजाने करते. लिहिलं की आवाज जातो, कागदावर त्याची खूण उरत नाही. मराठीत तीच गोष्ट चक्क अक्षरांत लिहिलेली असते. म्हणजे मेसेजमध्ये आईने जे लिहून पाठवलं होतं, ते पलीकडच्या भाषेत लिहायला सरळ जागाच नव्हती. वाक्याची रचनाच बदलून ते आणता आलं असतं. अ‍ॅपने तो खटाटोप केला नाही. माहिती मात्र शंभर टक्के बरोबर होती.

आता तो राहिलेला दुसरा 'तर'. 'पाऊस पडला तर सामना रद्द.' माझ्या कोडमध्ये दिवसातून पन्नास वेळा येणारं इफ-देन ते हेच. जर-तरमधला 'तर' आणि 'रिपोर्ट तर'मधला 'तर' हे एकाच रूपाचे शब्द कसे? जॉन हाइमन यांचा १९७८चा एक लेख आहे, त्याचा दावा त्याच्या नावातच आहे: अटी म्हणजे विषयच असतात. 'पाऊस पडला तर' म्हणताना आपण ऐकणाऱ्याला सांगतो की पाऊस पडला आहे असं क्षणभर धरून चाल, आता त्या जमिनीवर उभं राहून पुढचं ऐक. विषय मांडतानाही आपण हेच करतो. पापुआ न्यू गिनीतल्या हुआ भाषेत अटीची खूण आणि विषयाची खूण एकच आहे, हा हाइमन यांचा एक मोठा पुरावा. बाकड्यावर बसून वाचताना मला वाटलं, कराडच्या एसटी स्टँडवर तासभर उभे राहिले असते तर त्यांना हवे तेवढे पुरावे मिळाले असते. आणि 'जर' बोलताना आपण सहज गाळतो, 'तर' गाळत नाही, हेही लक्षात घ्या.

ऑफिसात परत आले तेव्हा नवा प्रकल्प वाट बघत होता. लॅबचे आकडे आणि डॉक्टरांच्या नोंदी वाचून मशीनने पेशंटला मराठीत दोन ओळींचा सारांश लिहून द्यायचा. पहिल्या नमुन्यांत मशीन लिहीत होतं, 'तुमचे रिपोर्ट चांगले आहेत.' कधी कधी, कुठून शिकलं कोण जाणे, 'तुमचे रिपोर्ट तर चांगले आहेत.' टीममधल्या अमराठी लोकांना दोन्हींत फरक दिसत नव्हता. कसा दिसणार? तपासणीच्या फॉर्ममध्ये रकाने होते: माहिती बरोबर आहे का, भाषा शुद्ध आहे का. दोन्हीकडे दोन्ही वाक्यांना पूर्ण मार्क.

या 'तर'ला माझा सक्त विरोध होता. डॉक्टरने 'तर' म्हटलं की त्याच्या मागे डॉक्टर उभा असतो. आपण विचारू शकतो, त्याचा चेहरा बघू शकतो, दोन दिवसांनी परत जाऊ शकतो. मशीनच्या 'तर'मागे कुठलंच झाड नाही. ते रात्री अकरा वाजता एखाद्या घरात दोन माणसांना जागं ठेवेल आणि विचारायला कोणी नसेल. पण नुसतं 'चांगले आहेत' हेही मला नको होतं. त्याने बाबांसारख्यांचा विषय संपतो.

दोन आठवडे वाद झाले. प्रॉडक्टवाल्यांचं म्हणणं, लोकांना दिलासा हवा असतो, वाक्य लहान हवं. शेवटी जे वाक्य गेलं ते असं: 'या रक्ततपासणीतले आकडे ठरलेल्या मर्यादेत आहेत. त्रास होत असेल तर डॉक्टरांना दाखवा.' 'या रक्ततपासणीतले' हे दोन शब्द ठेवण्यासाठी मी किती भांडले ते टीमला माहीत आहे. फांदीचं नाव घेतलं की झाड असल्याचं आपोआप कळतं, एवढाच माझा मुद्दा होता. आणि 'तर' आलाच, पण दुसरा, अटीचा, त्याच्यावर कोणाचा आक्षेप नव्हता.

मातेझिउस यांचा धागा त्यांच्याच विद्यापीठात पुढे चालू राहिला. पेत्र स्गाल, एवा हायिचोव्हा यांनी तो गणिताच्या आणि कॉम्प्युटरच्या भाषेत नेला. तिथल्या गणित आणि भौतिकशास्त्र शाखेतल्या एका संस्थेने सुमारे ४९ हजार चेक वाक्यांत एकेका शब्दावर खूण केली आहे: माहीत असलेला असेल तर 'टी', नवा असेल तर 'एफ', आणि माहीत असलेला पण कशाच्या तरी विरोधात उभा केलेला असेल तर 'सी'. हा संग्रह २००६मध्ये प्रसिद्ध झाला. 'सी' म्हणजे आपला 'रिपोर्ट तर'. एका भाषेत कोणीतरी बसून, हाताने, हजारो वाक्यांत हे लिहून ठेवलंय हे वाचून मला हेवा वाटला. त्याच संस्थेच्या नावाने मराठी वाक्यांचाही एक छोटा संग्रह खुला आहे, गोष्टींमधून घेतलेला. त्यात व्याकरणाच्या खुणा आहेत. वाक्यं पाचशेपेक्षाही कमी.

बाबा आता मऊ खातात. फोनवर "जेवलात का?" विचारलं की "जेवलो की" म्हणतात. साताऱ्याकडचा हा 'की' पुन्हा वेगळं प्रकरण आहे. नुसतं 'जेवलो' ही माहिती झाली. 'जेवलो की' म्हणजे तुला शंका होती हे मला कळलंय.

मध्यंतरी एका रविवारी मी ग्रुपवरचे आईचे वर्षभराचे मेसेज एका फाईलमध्ये काढले आणि प्रागच्या पद्धतीने खुणा करायला बसले. टी, सी, एफ. 'रिपोर्ट तर' सोपं गेलं. ऑपरेशनच्या दिवशीचा मेसेज नुसता 'झालं' एवढाच, तिथे एकच एफ. मग मागच्या महिन्यातला एक आला: 'आज भाकरी खाल्ली बाबांनी.' 'बाबांनी' क्रियापदाच्या पलीकडे, म्हणजे टी. 'भाकरी' अगदी अलीकडे, म्हणजे एफ. 'आज'पाशी थांबले. नुसता दिवस सांगितलाय, की काल-परवाच्या, त्या सगळ्या महिन्यांच्या विरोधात उभा केलाय? टी की सी? मी तिथे प्रश्नचिन्ह टाकलं आणि आईला फोन लावून विचारलं. "अगं, आज म्हणजे आज," ती म्हणाली, आणि फोन बाबांकडे दिला.